जायफळ किसण्याचा आवाज

दार उघडलं तेव्हा समोर शेजारची दातांची डॉक्टर उभी होती. दवाखान्यातून नुकतीच आलेली. अंगात पांढरा कोट, तोंडावर मास्क, आणि मास्कच्या वर दोन घाबरलेले डोळे. "काका, तुमच्याकडे काहीतरी जळतंय," ती म्हणाली. त्याला आधी त्या वाक्याचंच नवल वाटलं. ते वाक्य त्याचं होतं. या घरात आजवर ते त्यानंच म्हटलं होतं, बाहेरच्या खोलीतल्या खुर्चीतून, वर्तमानपत्र खाली न घेता, स्वयंपाकघराच्या दिशेनं. आज कुणीतरी ते, रस्त्यात सापडलेली छत्री परत करावी तसं, उंबऱ्यावर आणून दिलं होतं. "छे, माझ्याकडे कुठलं काय जळतंय," तो म्हणाला. तेव्हा त्याला बाजूला सारून ती सरळ आत गेली. दुधाचं पातेलं बुडापासून काठापर्यंत कोळसा झालं होतं आणि धूर छताशी पोचून आता पुढं कुठं जावं याचा विचार करत होता. तिनं गॅस बंद केला, खिडकी उघडली आणि मागं वळून त्याच्याकडे पाहिलं. "तुम्हाला वाससुद्धा आला नाही?" "सर्दी झालीय," तो म्हणाला, आणि पुरावा म्हणून शिंकायला गेला. शिंक आली नाही. वेळेला आपलं माणूस उपयोगी पडत नाही, शिंक कुठून पडणार. पण त्याला टोचलं ते निराळंच. तोंडाला फडकं बांधलेल्या बाईला भिंतीपलीकडून वास आला होता, आणि तो, ज्याला सगळी गॅस कंपनी 'नाकसाहेब' म्हणायची, तो जळत्या पातेल्यापासून दहा पावलांवर बसून शब्दकोडं सोडवत होता.

नाकसाहेब हे नाव थट्टेतलं होतं, पण थट्टेला आधार होता. गळतीच्या तक्रारी आल्या की कंपनी त्याला पाठवायची. इतरांकडे यंत्रं होती, काट्यांची, दिव्यांची, हा नुसता जिन्यात उभा राहायचा, डोळे मिटायचा आणि म्हणायचा, "दुसऱ्या मजल्यावर, डावीकडचं दार." मग पिशवीतून साबणाच्या फेसाची डबी आणि दाढीचा ब्रश काढून पाइपच्या सांध्याला फेस लावायचा. फेसात बुडबुडा धरला की घरमालकाचा चेहरा पडायचा आणि याचा खुलायचा. गॅसला स्वतःचा वास नसतो, हे तो प्रत्येक घरात सांगायचा, एखादा मंत्री आपल्या गावाचं नाव सांगतो तशा अभिमानानं. वास कंपनी घालते, मुद्दाम, कुजक्या अंड्यासारखा, म्हणजे माणसाला कळावं. मग आपण काय करायचं? नाक शाबूत ठेवायचं. एकदा एका म्हाताऱ्या बाईंच्या घरी तो गेला होता. शेगडीची चावी इतकी ढिली झाली होती की अख्खं घर गॅसनं दरवळत होतं, आणि बाई शांतपणे विणत बसल्या होत्या. वासच येत नाही म्हणाल्या, कितीतरी वर्षांत. त्यानं नियमाप्रमाणे त्यांचा गॅसचा कॉक बंद करून वर सील ठोकलं. "अहो, मग मी चहा कशावर करू?" बाईंनी विचारलं. "शेजारी प्या," तो म्हणाला होता. चांगलं सुचलं म्हणून संध्याकाळी बायकोलाही सांगितलं होतं. ती हसली नव्हती. म्हणाली होती, "आणि शेजारी कुणी नसलं तर?"

डॉक्टरबाईंनी त्याच दिवशी मुलीला फोन केला. दात काढणारी माणसं कळवळा आला तरी मुळापासून काढतात. मुलीचा फोन त्याच्यापर्यंत पोचला तेव्हा तिचा आवाज ठरलेला होता. "बाबा, मी रविवारी येते. आता पुरे झालं. तुम्ही माझ्याकडे चला. बॅग काढून ठेवा." "एका पातेल्यापायी?" "पातेलं होतं म्हणून. उद्या पडदा असेल." "पडदा मी कशाला उकळायला ठेवीन?" ती हसली नाही. आईवर गेली होती. योग्य ठिकाणी न हसणं हे त्या घराण्याचं कसबच होतं. मुलीचं घर त्यानं पाहिलेलं होतं. चांगलं घर, प्रकाश भरपूर, आणि त्यात त्याच्यासाठी एक खोली, जिच्यात इस्त्रीचं टेबल उभं करून ठेवलेलं असायचं. तो गेला की टेबल बाहेर यायचं, परतला की आत जायचं. टेबलाचा आणि त्याचा एकमेकांवर राग नव्हता, पण खोली दोघांचीही नव्हती. इथं मात्र खुर्ची त्याची होती. खुर्चीपासून स्वयंपाकघराच्या दारापर्यंतचा जमिनीचा पट्टा घासून गुळगुळीत झालेला होता, आणि तो त्याच्या चालण्यानं नव्हे, तिच्या येण्याजाण्यानं. तो पट्टा बॅगेत कसा भरायचा, हे त्यानं मुलीला विचारलं नाही. त्याऐवजी म्हणाला, "ये. तू आलीस की आईची बिस्किटं करू." "तुम्ही करणार?" "मग काय डॉक्टरीण करणार? बिस्किटं नीट जमली तर बॅग राहू दे. जळली तर घेऊन चल." हे बोलून गेल्यावर त्याला कळलं की आपण पैज लावली आहे, आणि तीही जी वस्तू आपण आयुष्यात केलेली नाही तिच्यावर.

ती बिस्किटं बायको असेपर्यंत दर रविवारी करायची. ओट्सची, दालचिनी, सुंठ आणि चिमूटभर लवंग घातलेली, आत मनुका, जर्दाळूचे तुकडे आणि अक्रोड. कृती तिनं कधी कुणाला सांगितली नाही, कारण कुणी विचारली नाही. सगळ्यांना बिस्किटं हवी असायची. त्यानं स्वयंपाकघरात उभं राहून ती होताना एकदाही पाहिलं नव्हतं. पण शनिवारी बाजारातून सामान आणून ओट्यावर मांडल्यावर त्याच्या लक्षात आलं की आपल्याला कृती येते, कानानं. आधी लाकडी चमचा भांड्याला लागल्याचा जड, ओला आवाज यायचा, म्हणजे लोणी आणि तपकिरी साखर. तो आवाज हळूहळू मऊ होत जायचा. मग टक् आणि जरा थांबून दुसरा टक्, म्हणजे अंडी. पीठ चाळल्याची सळसळ, तिच्यात मधेच एक फुंकर, कारण तिच्या नाकावर पीठ उडायचं. अक्रोड फोडताना ती प्रत्येकाला काहीतरी पुटपुटायची. खवट निघाला की आवाज चढायचा. ओट्स शेवटी, वाळूच्या रस्त्यावरून कुणीतरी चालत यावं तसे. तो या आवाजांच्या मागोमाग जात राहिला, आणि भांड्यात खरोखरच काहीतरी गोळा होत गेलं. दालचिनीची डबी त्यानं नाकाशी धरली. काही नाही. लाकडाची भुकटी. त्यानं पुन्हा धरली, जोरात ओढली, तेव्हा भुकटी आत गेली आणि मग मात्र शिंका आल्या, एकामागून एक, परवाच्या थकबाकीसकट.

उरलेले ओट्स भरून ठेवायला त्यानं वरच्या फळीवरचा डबा काढला. तिच्याच अक्षरात त्यावर 'ओट्स' लिहिलेलं. डबा ओट्ससाठी फार जड होता. झाकण उघडलं तर आत पुसायच्या जाड फडक्यात गुंडाळलेलं काहीतरी; फडकं सोडलं तर घड्याळ. त्यांचं गजराचं घड्याळ, डोक्यावर दोन घंट्या आणि मधे हातोडी असलेलं. त्याला प्रथम रागच आला. कारण या घड्याळापायी त्यानं गल्लीच्या कोपऱ्यावरच्या घड्याळवाल्याशी कायमचं वाकडं घेतलं होतं. पलंगाशेजारून घड्याळ नाहीसं झालं तेव्हा बायको म्हणाली होती, "दुरुस्तीला दिलंय." महिना झाला, दोन झाले, तेव्हा हा घड्याळवाल्याकडे गेला. घड्याळवाला म्हणाला, माझ्याकडे आलेलंच नाही. हा म्हणाला, माझी बायको खोटं बोलते का? घड्याळवाला म्हणाला, ते तुम्ही बघा. त्यावरून जे झालं ते झालं. तेव्हापासून तो त्या कोपऱ्यावरून जाताना नाक वर करून जायचा, आणि घड्याळवाला दुकानातली सगळी घड्याळं त्याच्याकडे पाठ करून ठेवतो असा त्याला संशय होता. बायको सगळं ऐकून घेऊन एवढंच म्हणाली होती, "जाऊ द्या हो. असेल कुठंतरी." आणि ते इथं होतं, तिच्या हाताशी. दोन घंट्यांच्या मधे तिनं कापसाचा बोळा इतका दाबून बसवला होता की हातोडीला हलायला जागा होती, वाजायला नव्हती.

त्यानं किल्ली दिली. घड्याळ चालायला लागलं, झोपेतून उठवलेल्या माणसासारखं, अडखळत. गजराचा काटा थोडा पुढं नेऊन तो स्टुलावर बसून राहिला. वेळ झाली तेव्हा घड्याळ वाजलं नाही. ओट्यावर फक्त थरथरलं, मुका माणूस रागावल्यासारखं. वाजू नये असा गजर कुणाला लागतो? ज्याला उठायचं आहे पण कुणाला उठवायचं नाही, त्याला. मग त्याला ते रविवार आठवले, शेवटचे. त्याआधी कितीतरी वर्षं सगळं सरळ होतं: ती ओव्हनमध्ये ताट सरकवायची, तो बाहेर पेपर वाचायचा, वास चढत चढत खुर्चीपर्यंत यायचा, तो ओरडायचा, "काहीतरी जळतंय!" आणि ती आतून म्हणायची, "आले हो, आले!" त्याला वाटायचं, आपण नसतो तर या बाईनं दर रविवारी घर पेटवलं असतं. तिनं एकदा पाहुण्यांना सांगितलंही होतं, मला कशाला घड्याळ, आमच्याकडे नाक आहे. स्वयंपाकघरात उभं राहिलं की नाकाला वासाची सवय होते, बाहेरच्यालाच बरोबर कळतं. मग कधीतरी, नेमकं कधी ते त्याला सांगता येईना, ती आतून विचारायला लागली होती, "अहो, वास येतोय का?" आणि तो पेपरामागून म्हणायचा, "येतोय तर! जळतंय तिकडे!" आणि ती, "आले हो, आले!" त्याला आवडायचं ते विचारणं. म्हातारपणी बायको आपला सल्ला घ्यायला लागली म्हणून तो सुखावला होता.

आणि त्याच्याही आधी, मधले काही रविवार होते. त्या रविवारी तो ओरडलाच नव्हता, पेपर चांगला होता म्हणून असेल. बऱ्याच वेळानं ओव्हनचं दार उघडल्याचा आवाज, मग शांतता, मग किसणीचा आवाज. खर्र, खर्र, थांबून पुन्हा खर्र. "काय किसतेस?" त्यानं विचारलं होतं. "जायफळ," ती म्हणाली होती. पुढच्या रविवारीही जायफळ. बिस्किटं समोर आली तेव्हा जरा पातळ वाटली होती, पण तो म्हणाला होता, "आज जायफळ छान लागतंय." ती त्याच्याकडे बघत राहिली होती. आता, स्टुलावर, त्याला पहिल्यांदा सुचलं की भाजून झालेल्या बिस्किटांत जायफळ किसून कुणी घालत नाही. ती जळलेले तळ खरवडत होती. त्याचं नाक गेलं हे त्याच्या आधी तिला कळलं होतं, आणि नाकसाहेबाला ते सांगण्याऐवजी तिनं घड्याळाच्या तोंडात बोळा कोंबला होता. घड्याळ फडक्याखाली थरथरलं की ती विचारायची, वास येतोय का. तो म्हणायचा, येतोय तर. सगळी नोकरी ज्यानं इतरांच्या घरातल्या गळत्या पकडल्या, त्याच्या स्वतःच्या घरात ही एवढी मोठी गोष्ट दर रविवारी गळत होती आणि त्याला बुडबुडासुद्धा दिसला नव्हता. त्यानं घड्याळ पुन्हा फडक्यात गुंडाळलं. रडू येईल असं वाटलं, पण आलं ते हसू, कारण घड्याळवाल्याची क्षमा मागायला जावं लागणार होतं.

रविवारी मुलगी आली ती जिन्यातच डॉक्टरबाईंशी बोलून. बॅग पलंगावर होती, अर्धी भरलेली. म्हणजे दोन्ही बाजूंनी वाद घालता यावा. तिनं बॅगेकडे पाहिलं, ओट्यावरच्या भांड्याकडे पाहिलं, पिठात बोट घालून चाटलं. "बाबा! आईचंच की हो!" "मग? मी काय नुसता बाहेर बसून होतो इतकी वर्षं?" "हो," ती म्हणाली. मग तिनं ताटावर गोळे मांडले, तळव्यानं चपटे केले, गॅस पेटवून ताट आत सरकवलं. "मी आत थांबते. तुम्ही जा आपल्या जागेवर. कधी काढायची ते सांगा." हेच त्याला हवं होतं. त्यानं सगळं योजून ठेवलं होतं. खुर्चीत बसून त्यानं पेपर उघडला. पेपराखाली मांडीवर फडकं, फडक्यात घड्याळ, गजराचा काटा, बायकोचं ताट आत गेल्यापासून त्याच्या ओरडण्यापर्यंत जायचा तेवढ्या अंतरावर. नाकावर टिच्चून राहायचं इथंच, नाक असो वा नसो. आतून मुलगी ओटा पुसत होती. कपाट उघडून मिटलं. किती दिवसांनी त्या बाजूनं आवाज येत होते. पेपरात काय लिहिलं होतं देव जाणे. तो एकच ओळ पुन्हा पुन्हा वाचत होता आणि ती दर वेळी नवीच वाटत होती. हवेत आत्ता काय असेल याचा तो अंदाज करत होता: आधी लोणी, मग साखर, मग दालचिनी दारातून बाहेर डोकावेल, पट्ट्यावरून चालत येईल. पण खोली पाण्यानं भरलेल्या पेल्यासारखी होती, स्वच्छ, आणि तिच्यात काही नव्हतं.

मांडीवर घड्याळ थरथरलं. त्यानं छाती भरून घेतली. "काहीतरी जळतंय!" आवाज हुबेहूब आला, जुना, थोडा तक्रारीचा. आतून लगेच, "आले हो, आले!" आणि त्याच्या अंगावर काटा आला, कारण मुलीनंही तो शब्द हुबेहूब आईसारखा म्हटला होता. ओव्हनचं दार उघडलं. ताट ओट्यावर ठेवल्याचा आवाज. जिंकलो, त्याला वाटलं. बॅग पलंगाखाली. मग शांतता. ती जरा लांबली. मग खर्र. खर्र, खर्र. त्यानं पेपर खाली घेतला. "काय किसतेस गं?" किसणी थांबली. "जायफळ, बाबा," मुलगी म्हणाली.

तो बसून राहिला. वर्षभर डब्यात पडून घड्याळ आळसावलं होतं, मागं पडत होतं, त्यात त्याचा दोष नव्हता. दोष कुणाचाच नव्हता. बिस्किटं येतील, जरा पातळ. तो म्हणेल, जायफळ छान लागतंय. ती बघत राहील, आणि बॅग पलंगाखाली जाईल. इतकं सोपं होतं. फक्त एवढंच की आता आणखी एक बाई त्याच्यासाठी सिंकपाशी उभी राहून खोटं बोलायला लागली होती, आणि हिचे रविवार अजून पुष्कळ शिल्लक होते. तो उठला. गुळगुळीत पट्ट्यावरून चालत दारापाशी आला. मुलगी सिंकवर वाकली होती, एका हातात किसणी, दुसऱ्यात बिस्किट, खाली काळी भुकटी. तिनं बिस्किट मागं लपवलं, लहानपणी लपवायची तसंच, वेळ टळून गेल्यावर. "मला वास येत नाही," तो म्हणाला. "मुळीच येत नाही. कशाचाच." हे त्यानं कुणालाही पहिल्यांदा सांगितलं होतं, आणि सांगायला ते अगदी छोटं निघालं. "माहीत आहे, बाबा." "कधीपासून?" "आई सांगून गेली होती. म्हणाली, त्यांना कळू देऊ नकोस, तेवढं एकच आहे त्यांच्याकडे मिरवायला." त्यानं हातातलं फडकं ओट्यावर ठेवून उघडलं. मुलीनं घड्याळ पाहिलं, घंट्यांमधला बोळा पाहिला, आणि समजून खाली बसली, तिथंच, जमिनीवर. "म्हणजे तो घड्याळवाला..." "निर्दोष," तो म्हणाला. मग ती हसली. चुकीच्या ठिकाणी हसली, आईसारखी नव्हे, त्याच्यासारखी, आणि बराच वेळ डोळे पुसत राहिली.

खरवडलेलं बिस्किट त्यानं खाल्लं. गोड होतं, गरम होतं, मनुका दाताखाली फुटत होत्या, अक्रोड कुरकुरत होता. मधोमध एक रिकामी जागा होती, दालचिनीएवढी. "कसं झालंय? खरं सांगा." "मधोमध कुणी राहत नाही," तो म्हणाला. मग त्यानं फळीवरून जुनी पिशवी काढली, पाना काढला आणि भिंतीतला गॅसचा कॉक स्वतः बंद केला. सील नव्हतं, जाड तार गुंडाळून पिळून टाकली. सवयीनं सांध्याला फेस लावला, आणि दोघं वाकून बघत राहिली. "येतोय का बुडबुडा?" "नाही, बाबा." "डोळे आहेत अजून," तो म्हणाला. "पण गॅस नको. नियम आहे. मीच लोकांना सांगत होतो." "आणि चहा?" मुलगी म्हणाली. म्हाताऱ्या बाईंचा प्रश्न तिला माहीत असायचं कारण नव्हतं. तीच उठली, पलंगावरची बॅग उपसली आणि कपडे एकेक करून परत कपाटात लावले, त्याच्यापेक्षा नीट. जाताना म्हणाली, विजेचा छोटा ओव्हन आणि किटली पाठवते, आणि मी रोज फोन करणार, आणि तुम्ही उचलायचा. दारात ती जरा घुटमळली. तो म्हणाला, "जा आता, उशीर होईल." ती गेली तशी खोली पुन्हा पेल्यासारखी झाली.

विजेचा ओव्हन आला. पांढरा, बुटका, वेळ झाली की टिंग करणारा. त्या टिंगवर त्याचा विश्वास बसला नाही. घड्याळवाल्याकडे जाऊन त्यानं क्षमा मागितली आणि घड्याळ दुरुस्तीला दिलं, या वेळी खरोखरचं. घड्याळवाल्यानं पावती दोनदा वाचायला लावली. घंट्यांमधला बोळा त्यानं स्वतःच काढून घेतला होता आणि डब्यात परत ठेवला होता. डब्यावर अजून 'ओट्स' लिहिलेलं आहे. पुढच्या रविवारी पीठ मळून, ताट आत सरकवून तो बाहेर येऊन आपल्या खुर्चीत बसला. स्वयंपाकघरात थांबायला हवं होतं, तिथं आता दुसरं कुणी नव्हतं. पण तिकडे थांबणं हे कधी त्याचं काम नव्हतं. दुरुस्त होऊन आलेलं घड्याळ शेजारी स्टुलावर ठेवलं. त्यानं पेपर उघडला. आतून कसलाही आवाज नव्हता. मग घड्याळ वाजलं, इतक्या वर्षांचं तुंबलेलं एकदम, स्टुलावरून पुढं सरकत, भिंती दणाणून सोडत, आणि त्याच्या तोंडून आपोआप गेलं, नेहमीच्या दिशेला, नेहमीच्या सुरात, "काहीतरी जळतंय!" घड्याळ दमून थांबलं. त्यानं ऐकलं. त्या बाजूनं जे यायचं ते आलं नाही. आलं ते भिंतीपलीकडून, डॉक्टरबाईंचं, ओरडून:

"नाही हो काका! काही जळत नाहीये! उलट छान वास येतोय! दालचिनी का?"

त्यानं पेपराची घडी घातली. मग भिंतीकडे तोंड करून, तिला ऐकू जाईल अशा बेतानं म्हणाला, "हो. दालचिनी." खुर्चीच्या हातावर जोर देऊन तो उठला. "आलो," तो स्वयंपाकघराला म्हणाला, "आलो हो, आलो," आणि तिच्या पट्ट्यावरून आत गेला.